विरीनं खाल्लेला रोडग्याचा दिवस

"अहो, या ना लवकर! दूध उतू गेलं!"

"मंग गॅस बंद कर ना!"

"केला! मघाशीच केला! ओटा बी पुसला! अन् आता तेच दूध पुन्हा उतू जाऊन राह्यलं! दारात उभे राहून काय पाहून राह्यले तुमी?"

मी दोरीवरचा माझा सदरा पाहत होतो. तो वाळला होता. माझ्या डोळ्यांदेखत तो ओला झाला, टपटप निथळला आणि पुन्हा वाळला. आमच्या सोनाळ्याचं ऊन असं, की उन्हाळ्यात सावलीसुद्धा सावली शोधत फिरते. पण वाळलेलं कापड ओलं करणारं ऊन मी जन्मात पाहिलं नव्हतं.

आत गेलो. माझी बायको मंदा हातात सांडशी धरून ओट्यापासून चार हात लांब उभी होती. ही बाई कपाशीत निघालेल्या नागाला "चाल, हो बाजूले" म्हणते आणि नाग बाजूला होतो. तिला घाबरलेली मी तेव्हा पहिल्यांदा पाहिली. गॅस बंद. भांडं काठोकाठ भरलेलं. तिच्या हातातलं फडकं दुधानं चिंब आणि ओटा कोरडा. आम्ही बघत असतानाच दूध फुगलं, वर आलं, ओट्यावर सांडलं, आणि भांडं तरी भरलेलंच.

"हे तुमचंच काहीतरी आहे," मंदा म्हणाली.

आमच्या घरात भिंतीला ओल आली तरी ते माझंच काहीतरी असतं. या खेपेला मात्र तिचं खरं निघालं. चक्कर आली म्हणून मी भिंतीला हात टेकला, तर हात मनगटापर्यंत आत गेला. धोतर वापरून वापरून विरतं, उजेडात धरलं की पलीकडचं दिसतं, तशी ती भिंत झाली होती. पलीकडे ऊन होतं. आत्ताचं नव्हे. फार जुनं.

काडीपेटी

मी गणपत. सोनाळ्यात भाजीपाल्याची शेती करतो, वांगी आणि मिरची. गावात मला थापाड्या म्हणतात, आणि मी त्याचा राग मानत नाही, कारण रागानं थाप बिघडते. हे लिहायला मला आमच्या डॉक्टरीन मॅडमनी सांगितलं. म्हणाल्या, "नव्या पेशंटच्या घरच्यांना आधार होईल. फक्त भर घालू नका." मी भर घातली आहे. कुठं घातली ते तुमच्या लक्षात येईल. जिथं घातली नाही, तेही लक्षात यावं म्हणून ही सगळी खटपट.

आमची मुलगी रेणू बुलढाण्याला नोकरी करते. तिनं फोनवर ऐकून घेतलं आणि म्हणाली, "बाबा, थापा नका मारू, मी कामात आहे." मग मंदानं फोन घेतला. मंदा थापा मारत नाही हे साऱ्या तालुक्याला माहीत आहे. दुसऱ्या दिवशी आम्ही एसटीच्या लाल गाडीनं राजूरचा घाट चढून बुलढाण्याच्या दवाखान्यात. त्या घाटातलं एकच वळण आम्ही इतक्या वेळा घेतलं, की ड्रायव्हर खाली उतरून रस्त्याकडे पाहत राहिला. मी गपचूप खिडकीबाहेर बघत बसलो.

मॅडमनी ना सुई टोचली ना फोटो काढला. काडीपेटी दिली आणि म्हणाल्या, "एक काडी ओढा." मी ओढली. काडी जळली, काळी पडली, वाकली. आणि सरळ होऊन, गुल लावलेली, कोरी करकरीत माझ्या चिमटीत उभी राहिली.

मॅडमनी काडीपेटी परत घेतली आणि एक मोठं इंग्रजी नाव घेतलं. ते नाव सोनाळ्यात सुरू झालं असतं तर बुलढाण्यात संपलं असतं. आमच्याकडे त्याला विरी म्हणतात. काळ विरतो. माणसाच्या आजूबाजूचं आज झिजतं, पातळ होतं आणि त्यातून काल डोकावायला लागतो.

"बरा होईन ना मी?" मी विचारलं.

"व्हाल. पण दोन गोष्टी पाळायच्या. रोज संध्याकाळी, दिवस जसा गेला तसा एकदा मोठ्यानं सांगायचा. जसाच्या तसा. त्यानं वीण घट्ट होते. आणि जिथं विरलं आहे तिथं हात लावायचा नाही, पलीकडे बघत बसायचं नाही. विरलेल्या कापडात बोट घातलं की काय होतं?"

"फाटते," मंदा म्हणाली.

"यांना सांभाळा," मॅडम तिला म्हणाल्या.

"गंज वर्षं झाले सांभाळून राह्यली," मंदा म्हणाली.

मला मरणाची भीती वाटली नाही असं लिहिणार होतो. वाटली. बाहेर बाकड्यावर बसलो तेव्हा माझे पाय असे लटपटत होते की बाकडं इंचाइंचानं पुढं सरकत होतं. मंदानं माझ्या गुडघ्यावर हात ठेवला आणि म्हणाली, "उगा राहा. पेरू आणू काय?"

वॉर्डातले दिवस

आमच्या वॉर्डात घड्याळ नव्हतं. लावलं तर त्याचे काटे एकमेकांच्या मागं धावत सुटायचे. सकाळ झाली हे सिस्टर ओरडून सांगायच्या: "सकाळ झाली! एकदाच झाली! उठा!" एक पांढरी गोळी मिळायची. ती इतकी कडू की गिळून झाल्यावर कारलं गोड लागावं. बुलढाण्यात रेल्वे नाही हे तुम्हाला ठाऊक आहे. आमच्या वॉर्डात दुपारी रेल्वेची शिट्टी ऐकू यायची. ती येणाऱ्या शंभर वर्षांतली असेल असं सगळ्यांचं मत पडलं. मला विचाराल तर शंभर कमीच.

शेजारच्या खाटेवर उत्तमराव होते, लाल गाडीचे रिटायर कंडक्टर, देऊळगावकडचे. त्यांना विरी लागली तेव्हा त्यांच्या घरी पाहुणे आधी निरोप घ्यायचे आणि मग यायचे. "चांगलं होतं की ओ," ते म्हणायचे, "चहा टाकायची गरजच पडंना."

संध्याकाळी दिवस सांगायची वेळ आली की वॉर्डात शांतता व्हायची. उत्तमराव सांगायचे, "सकाळी चहा झाला. दुपारी वरण-पोळी झाली. सूनबाई येऊन गेली. संपलं." त्यांच्या खाटेभोवतीची हवा लख्ख व्हायची. माझी पाळी आली की मी सुरू करायचो: "सकाळी चहा झाला. चहात मुंगी होती. मुंगी कसली, मुंगळा होता, त्यानं कपाचा कान धरला अन्..." आणि समोरची भिंत डोहातल्या पाण्यासारखी हलायची.

"अहो!" मंदा ओरडायची. "मुंगळा नव्हता!"

"मुंगी तं होती?"

"मुंगी बी नव्हती! नीट सांगा, नाही तं आपल्याले घर दिसत नाही!"

मी नीट सांगायचो. पण एक खरं सांगतो, भर न घालता सांगितलेला दिवस मला उघडा वाटायचा. थंडीत सदरा काढल्यासारखा.

मंदा खाली चटईवर झोपायची. तिचे पाय सुजले होते. रेणू डबा घेऊन यायची आणि आईला म्हणायची, "तू घरी चल, आज मी थांबते." मंदा जात नव्हती. "त्याहिले तुह्यासमोर थापा माराले फावते," म्हणायची. एकदा एक खाट रिकामी होती तेव्हा सिस्टरनं मॅडमचा डोळा चुकवून तिला तिच्यावर झोपू दिलं. त्या दुपारी मंदा लहान मुलीसारखी तोंड उघडं टाकून झोपली, असं सिस्टरनं नंतर सांगितलं. एवढ्या आजारपणात मला मिळालेलं सगळ्यात मोठं सुख तेच होतं, आणि मी ते पाहिलं नाही. मी दुसरीकडे बघत होतो.

खाटेशेजारची भिंत

माझ्या खाटेच्या डाव्या अंगाला भिंत होती, आणि तिच्यात तळहाताएवढी जागा विरली होती. दुपारची जेवणं झाली, वॉर्ड सुस्तावला, की त्यातून गोवऱ्यांच्या धुराचा वास यायचा.

पहिल्या दुपारी मी चुकून पाहिलं. ही थाप नाही.

पलीकडे आमचं शेत होतं, लग्नाच्या वर्षीचं. रोडग्यांचा स्वयंपाक चालला होता. आमच्याकडे शेतात मारुतीच्या नावानं रोडगे करतात. कणकेचे गोळे गोवऱ्यांच्या आरात, म्हणजे निखाऱ्यांत पुरायचे, भाजले की राख झटकायची, पहिला देवाला आणि मग तुपात बुडवून वांग्याच्या भाजीसोबत खायचे. माझी आई भाजी ढवळत होती. चुलतभाऊ आर उकरत होते. आणि बांधावर एकटी बसली होती मंदा, एकोणीस वर्षांची, नाकाला राख लागलेली.

या दिवसाचं महत्त्व तुम्हाला सांगायला पाहिजे, नाही तर पुढचं काही कळणार नाही.

मंदा उंद्रीची. उंद्री कुठं, सोनाळा कुठं. ती वर, आम्ही खाली सातपुड्याच्या पायथ्याशी. लग्न मोठ्यांनी ठरवलं. आमच्या घरी आली तेव्हापासून ती बोलली नव्हती. कामाचं हो-नाही तेवढंच. तिच्या भावाला निरोप गेला होता, तो रोडग्याच्या दुसऱ्या दिवशी तिला न्यायला येणार होता, आणि ती परत येणार नाही हे घरात सगळ्यांना समजलं होतं. कोणी बोलत नव्हतं एवढंच.

त्या दुपारी मी तिच्या पानात रोडगा टाकला आणि म्हणालो, "हे वांगे आता लहान आले. मांगच्या साली एक वांगं एवढं मोठं झालं होतं, की आमची बकरी भोक पाडून आत राह्याले गेली. आतच व्याली."

सगळे हसले. ती नाही हसली. तिनं रोडगा फोडला, फुंकर मारली आणि मान वर न करता विचारलं:

"मंग दूध काढाले आत कोण जाते?"

मी म्हणालो, "म्हणून तं लग्न केलं."

आणि ती हसली. अशी हसली की तोंडातला घास बाहेर आला, ठसका लागला, आईनं पाठीत धपाटे घातले, तरी हसत राहिली. दुसऱ्या दिवशी भाऊ आला, जेवला आणि एकटाच गेला.

आमचं प्रत्येक भांडण या दिवसावर येऊन संपायचं. मंदा भांडी आपटायची आणि म्हणायची, "त्या रोडग्याच्या दिवशी मी हासली नसती तं उंद्रीत सुखात राह्यली असती!" हे तिनं म्हटलं की समजायचं, भांडण मिटलं. आता चहा मिळणार.

पाठ

तर मी पाहत गेलो. रोज दुपारी. आधी नुसतं पाहायचो, मग एक बोट घालून ती जागा जरा रुंद करायचो. माझी आई दिसायची, तेही कारण होतंच. पण मी पाहायचो मंदाला. वांगं, बकरी, फुंकर, प्रश्न, हसणं. संपलं की पुन्हा.

काही दिवसांनी तिच्या लुगड्याचा रंग उडाला. हिरवं होतं, ते नुसतं फिकट झालं. मला वाटलं, आजार उतरतो आहे. मग धुराचा वास गेला. मग चुलतभावांची तोंडं पुसट झाली. मग एका दुपारी ती हसली आणि आवाज आला नाही.

उत्तमरावांनी मला धरलं. "गणपतराव, तिकडं काय बघायलात?"

"काही नाही. भिंत."

"मला माहितंय भिंतीत काय असतंय. माझ्या बी उशाला विरलेली जागा हाय." त्यांनी खाटेच्या मागं बोट दाखवलं. तिथं खिळ्याला टॉवेल टांगला होता. मी रोज पाहायचो, मला वाटायचं वाळत घातला आहे. "माय हाय तिथं. मी सहा वर्षांचा असताना गेली, तिचं तोंड मला आठवत नव्हतं. इथं आलो अन् पहिल्या दिवशी दिसलं. टॉवेल टांगला अन् पाठ केली."

"एकदा बी पाहिलं नाही?"

"बघितलं की विरतंय. न बघता तिथंच राहील. मी पाठ करून झोपतो. मागं माय हाय एवढं कळतंय, बास झालं."

मी मान डोलावली. ते थोड्याच दिवसांत बरे होऊन घरी गेले, जाताना मला टॉवेल देऊन गेले. मी त्या टॉवेलानं तोंड पुसलं.

ते गेले त्याच दुपारी मी जास्तच पुढं गेलो. माझ्याजवळ सबब तयार होती, माझ्याजवळ नेहमीच असते. मंदानं सकाळपासून काही खाल्लं नव्हतं, आमचं डब्यावरून वाजलं होतं, ती माझ्याकडे पाठ करून चटईवर पडली होती. मी म्हटलं, तिला तिथला एक गरम रोडगा आणून देऊ. तोंडात टाकला की ती जुनी मंदा उठून बसेल. मी भिंतीत कोपरापर्यंत हात घातला.

आवाज झाला तो जुनी चादर फाटते तसा. लांब, सरळ, एका दमात. पलीकडचं ऊन विझलं. मग समोर नुसती दवाखान्याची भिंत होती, पिवळट रंगाची, पोपडे आलेली. घट्ट. मी तिच्यावर बुक्क्या मारल्या.

मंदा उठून बसली. "काय झालं?"

मी मूठ उघडली. आत चिमूटभर राख होती.

"बिडी पेले काय?" ती म्हणाली, आणि फडक्यानं माझा हात पुसून टाकला.

सुट्टी

भोक उरलं नाही म्हणून मी बरा झालो. वैद्यकात याला बरं होणं म्हणतात. मॅडमनी पुन्हा काडी ओढायला लावली. ती जळली आणि जळलेलीच राहिली. रेणूनं पेढे वाटले.

मी मॅडमना बाजूला गाठलं आणि सगळं सांगितलं, भर न घालता. रेणू समोर उभी होती, तिच्या अंगातून पलीकडचं दिसतं का हे मी पुन्हा पुन्हा बघत होतो.

"मुलीची काळजी करू नका," मॅडम म्हणाल्या. "जे झालं ते विरी पुसत नाही. तुमचं लग्न, संसार, मुलगी, सगळं जागेवर राहील. ते का झालं, तेवढं जातं."

"कोणाचं जाते?"

"त्या दिवसात जे जे होते, त्यांचं. तुमचं सोडून."

मी त्यांना विचारलं, टाका घालता येतो का. त्यांनी सुट्टीच्या कागदावर सही केली. मला एरवी फार बोलणारे डॉक्टर आवडत नाहीत. त्या दिवशी त्यांनी काहीतरी बोलावं असं फार वाटलं.

घरी आलो. दूध एकदाच उतू जात होतं. सदरा एकदाच वाळत होता. चुलतभावाला विचारलं, आपण माझ्या लग्नाच्या साली रोडगे केले होते ना? "त्या साली? नाही बा. त्या साली कुठं केले?" म्हणाला. "तू काऊन विचारून राह्यला? नवी थाप जुळवतं काय?"

मग एकदा मिरचीच्या रोपांवरून आमचं भांडण झालं. चांगलं खणखणीत. मंदानं भांडी आपटली. मी वाट पाहत राहिलो. आता म्हणेल, त्या रोडग्याच्या दिवशी. तिनं तोंड उघडलं, काहीतरी आठवेना तशी क्षणभर थांबली, आणि परातीत पीठ घेऊन बसली. ते भांडण तसंच अर्धं पडून आहे. अजून.

ती माझं सगळं करते. पथ्य पाळते, गोळ्या देते, रात्री पांघरूण नीट करते. कधी कधी माझ्याकडे पाहते, जसं लग्नघरात कोणी पाहुण्याकडे पाहतं, हा कोणाकडून आला असेल म्हणून. मला दवाखान्यातली ती चटई आठवते. खरी मंदा तीन हातांवर सुजलेले पाय घेऊन झोपली होती, आणि मी भिंतीतल्या मंदाला पाहत होतो. पाठ मी भिंतीकडे वळवायला पाहिजे होती, आणि वळवली ती नेमकी उलट्या बाजूला.

तुमच्या घरात विरी आली असेल तर एवढंच सांगतो. टॉवेल टांगा. त्यामागं कितीही चांगलं काही असलं तरी टांगा. आणि खाली चटईवर जो असेल त्याच्याकडे तोंड करून झोपा.

परवा संध्याकाळी ती वांगी चिरत बसली होती. मी तिच्यासमोर बसलो आणि तो दिवस सांगितला. आयुष्यात पहिल्यांदा एक गोष्ट जशीच्या तशी सांगितली. लुगडं हिरवं होतं म्हणालो, कारण हिरवं होतं. राख नाकाला होती, कपाळाला नव्हती. आईचे धपाटे, तिच्या भावाचं एकट्यानं परत जाणं, काही वाढवलं नाही. घासून पुसून सांगितलं. ती चिरायची थांबली होती, ऐकत होती.

शेवटी मी म्हणालो, "मंग मी तुले सांगतलं, एवढं मोठं वांगं, की बकरी आत राह्याले गेली अन् आतच व्याली." आणि गप्प बसलो. पुढचं वाक्य तिचं होतं.

मंदानं विळीवरचं वांगं उचललं, आतून किडकं आहे का ते पाहिलं.

"बकरी वांग्यात जात नसते," ती म्हणाली. "गोळी घ्या."